हिस्सा दिला, वाट रोखली

बहिणीला वारसाचा हिस्सा मिळाला, सातबाऱ्यावर नाव चढलं, भावाची गावभर वाहवा झाली. पुढच्या पेरणीला त्याच भावाने वाटेवर काट्यांचे फास टाकले. "तुझं रान तुला दिलं, माझ्या रानातून ट्रॅक्टर कशाला?" असे भाऊ गावोगाव आहेत आणि जुम्याला ते पहिल्या सफमध्ये उभे असतात. ज्या दीनमध्ये रस्त्यातला काटा उचलणं हा सदका आहे, तो मानणाऱ्यानेच काटे टाकावेत?

वाटेशिवायची जमीन म्हणजे कागदच. पीक उभं राहतं, पण घरी येत नाही. शेवटी कंटाळून बहीण तो तुकडा भावालाच पडत्या भावाने विकते. वाट अडवण्यामागचा हिशोब नेमका हाच असतो.

अशा वेळी जमातीतले बुजुर्ग म्हणतात, "सब्र कर, घरातली गोष्ट कचेरीत नेऊ नकोस." माझा राग या सल्ल्यावर आहे. वहिवाटीचा रस्ता अडवला तर मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ च्या कलम ५ खाली तहसीलदार तो खुला करून देऊ शकतो. मात्र दावा अडथळा आल्यापासून सहा महिन्यांत दाखल व्हावा लागतो. आपल्या बैठका ईदनंतर बसू, सुगीनंतर बसू म्हणत वर्षभर चालतात. सब्र बहिणीने करायचा आणि मुदत संपल्याचा फायदा भावाने घ्यायचा, हा कुठला इन्साफ?

मुदत गेली म्हणून सगळे दरवाजे बंद होत नाहीत. शेतात जायला रस्ताच नसेल तर महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १४३ खाली शेजारच्या गटांच्या बांधावरून वाट मागता येते. तहसीलदाराचा निर्णय मान्य नसणाऱ्याला वर्षभरात दिवाणी दावा लावता येतो. वाटणीतल्या बहिणींसाठी सर्वांत महत्त्वाचा आहे तो सुविधाधिकार अधिनियम, १८८२. एकत्र जमिनीची वाटणी झाली आणि एका हिश्श्यात जायला दुसऱ्याच्या हिश्श्यातूनच वाट असेल, तर कलम १३ तो हक्क मान्य करतं. त्यासाठी वीस वर्षांची वहिवाट दाखवावी लागत नाही. अट एवढीच, की दुसरी वाट नसावी. "तिकडून लांब पडतं" एवढं कारण पुरत नाही. हा दावा दिवाणी न्यायालयात चालतो आणि तिथे तातडीचा मनाईहुकूमही मागता येतो.

पाणंद किंवा गावाचा सार्वजनिक रस्ता अडवला असेल तर बाब वेगळी. तिथे भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, २०२३ च्या कलम १५२ खाली कार्यकारी दंडाधिकारी अडथळा काढण्याचा आदेश देऊ शकतात.

कचेरीत चपला झिजतात, तारखा पडतात, हे खरं. म्हणून पहिल्या दिवसापासून पुरावा जमवा: गावनकाशा, वाटणीचा नकाशा, तारखेसह फोटो, शेजाऱ्यांचे जबाब. काटे स्वतः जाळायला किंवा बांध फोडायला जाऊ नका. फिर्यादीचे आरोपी व्हायला वेळ लागत नाही.

आणि बुजुर्गांनो, सुलह जरूर करा, पण आधी अर्ज दाखल होऊ द्या. सुलह झाली तर दावा मागे घेता येतो. गेलेले सहा महिने मागे येत नाहीत. पुढच्या वाटणीत तर कागदावरच लिहा: हिस्सा कुणाचा, आणि त्या हिश्श्याला वाट कुठून.