पौरांविना महापौर

मराठीतील काही शब्द ज्या वस्तूसाठी घडवले गेले तिच्यापेक्षा मोठे निघाले. 'महापौर' हा त्यांपैकी एक. 'मेयर'ला पर्याय म्हणून सावरकरांनी तो दिला आणि 'दिनांक', 'चित्रपट' यांच्याप्रमाणे तो इतका रुळला, की तो कधीकाळी घडवावा लागला होता हेही आज कोणाला जाणवत नाही. पुरात राहणारा तो पौर, आणि पौरांमध्ये जो थोर तो महापौर. शब्दाची एवढी फोड केली तरी तिच्यातून एक राजकीय विधान हाती येते: या पदाचे अधिष्ठान नागरिक आहे. हे विधान महाराष्ट्रातील एकाही महानगरपालिकेत खरे नाही, आणि ज्यांचा व्यवसायच शब्दांशी आहे असे आपण सारे त्याबद्दल मौन पाळून आहोत, हा आमचा आक्षेप आहे.

१५ जानेवारी २०२६ रोजी राज्यातील २९ महानगरपालिकांसाठी मतदान झाले. मतदाराने नगरसेवक निवडले. पुढे काय झाले ते आठवावे. महापौरपद कोणत्या प्रवर्गाला जाणार याची सोडत मतदानानंतर मंत्रालयात निघाली. म्हणजे मत देताना मतदाराला उमेदवाराचे नाव तर सोडाच, प्रवर्गही ठाऊक नव्हता. मग वाटाघाटी, फुटीच्या भीतीने हॉटेलात नेऊन ठेवलेले नगरसेवक, पक्षादेश, आणि अखेर सभागृहात हात वर. आरक्षणाला आमचा विरोध नाही. ते नसते तर या खुर्चीपर्यंत अनेक समाजांतील माणसे आणि बहुसंख्य स्त्रिया पोहोचल्याच नसत्या, हे आम्ही जाणतो. पण ज्या व्यक्तीला आरक्षणाने खुर्ची मिळते, तिला अधिकार कोणता मिळतो? मुदत अडीच वर्षांची. त्यातही पक्षांतर्गत समजूत म्हणून तिचे दोन तुकडे पाडायचे आणि पहिल्याने सव्वा वर्षाने राजीनामा द्यायचा, ही रीत आपल्याकडे इतकी सवयीची झाली आहे की 'सव्वा वर्षाचे महापौर' या शब्दप्रयोगाने कोणी दचकतही नाही.

आणि खुर्चीवर बसून करायचे काय? सभागृहाचे अध्यक्षस्थान भूषवायचे, पाहुण्यांचे स्वागत करायचे, फिती कापायच्या. मुंबईपुरते बोलायचे तर १८८८ च्या कायद्याने कार्यकारी सत्ता आयुक्तांच्या हाती ठेवली आहे, आणि आयुक्त नेमते राज्य सरकार. मुंबईचे पहिले आयुक्त आर्थर क्रॉफर्ड १८६५ मध्ये आले. तेव्हापासून शहराचा खरा कारभारी वरून यायचा, हा वसाहतीचा शिरस्ता स्वातंत्र्यानंतरही आपण मोडला नाही. त्या काळी त्याच्या बाजूने युक्तिवाद होता. फिरोजशहा मेहतांसारख्या लोकपक्षीय पुढाऱ्यालाही एकच जबाबदार अधिकारी आणि त्याच्यावर लोकप्रतिनिधींचा अंकुश ही रचना रास्त वाटत होती. आता अधिकारी उरला आहे आणि अंकुशाचे फक्त दागिने. काही वर्षांपूर्वी शिवाजी पार्कवरचा महापौर बंगला बाळासाहेब ठाकऱ्यांच्या स्मारकासाठी दिला गेला आणि मुंबईचे महापौर भायखळ्याला राणीच्या बागेत राहायला गेले. प्राणिसंग्रहालयाच्या आवारात! यावर विनोद पुष्कळ झाले. पदाच्या खऱ्या स्थितीवर चर्चा मात्र झाली नाही.

ही स्थिती पुरती उघडी पडली ती महापौर नव्हते तेव्हा. मुंबई महानगरपालिकेची मुदत ७ मार्च २०२२ रोजी संपली. त्र्याहत्तराव्या आणि चौऱ्याहत्तराव्या घटनादुरुस्त्यांचे गोडवे आपण राज्यशास्त्राच्या वर्गात गातो; त्यांतल्या दुसरीने मुदत संपण्यापूर्वी निवडणूक घ्यावी असे स्पष्ट बजावले आहे. तरीही देशातील सर्वांत श्रीमंत महानगरपालिका जवळजवळ चार वर्षे लोकप्रतिनिधींविना चालली. कारणे होती: इतर मागासवर्गीयांच्या आरक्षणाचा वाद, प्रभागरचनेतील फेरबदल, न्यायालयीन तारखा. सर्वोच्च न्यायालयाने मे २०२५ मध्ये कालमर्यादा घातली, ती पुढे वाढवून दिली, तेव्हा कुठे निवडणूक झाली. मधल्या काळात, फेब्रुवारी २०२५ मध्ये, मुंबईचा ७४,४२७ कोटी रुपयांचा अर्थसंकल्प आयुक्तांनी प्रशासकांना सादर केला. आयुक्त आणि प्रशासक ही एकच व्यक्ती होती. कोणा प्रहसनकाराने हा प्रवेश लिहिला असता तर अतिशयोक्ती म्हणून आपण तो खोडला असता.

यावर एक शहाजोग उत्तर मिळते: 'मग अडले काय? कचरा उचलला गेला, पाणी आले.' महापौर हे पद असले-नसले सारखेच, हे सिद्ध करून ही मंडळी पदच काढून टाकायला निघतात. त्यांना आम्ही जोतीराव फुल्यांची आठवण देतो. १८७६ ते १८८२ ते पुणे नगरपालिकेचे सदस्य होते. निवडलेले नव्हे, नेमलेले. तरीही व्हाइसरॉय लिटनच्या स्वागतावर नगरपालिकेने पैसा उधळू नये, म्हणून त्या सभेत ते एकटे विरोधात उभे राहिले. खर्च थांबला नाही. पण सभा होती, म्हणून विरोध करायला जागा होती. प्रशासकाच्या राज्यात कचऱ्याची गाडी येते; तो एक विरोधी हात वर व्हायला सभागृहच नसते.

तेव्हा महापौर थेट मतदारांनीच निवडावा, आणि त्याला कार्यकारी अधिकार द्यावेत, अशी आमची भूमिका आहे. दोन्ही एकत्र. अधिकारांविना थेट निवडणूक म्हणजे महागडे शोभायात्रा-नियोजन होय. याविरुद्धचा गंभीर आक्षेप नगरपरिषदांच्या अनुभवातून येतो: नगराध्यक्ष एका पक्षाचा आणि बहुमत दुसऱ्याचे, असे झाले की कारभार ठप्प होतो. हे खरे आहे. पण नगराध्यक्षाची थेट निवड २०१६ मध्ये आणली, २०२० मध्ये काढली, २०२२ मध्ये पुन्हा आणली ती या अडचणीवर चिंतन करून नव्हे. ज्या सरकारला जी पद्धत सोयीची, तिने ती उचलली. मुंबईत १९९८ मध्ये महापौर परिषदेचा प्रयोग झाला, तोही वर्षभरात गुंडाळला. प्रयोग फसला म्हणायला तो आधी करावा लागतो.

आपण ज्यांच्याकडून हे पद उचलले त्या इंग्रजांनीही लंडनला थेट निवडलेला महापौर २००० साली दिला. त्या पहिल्याच निवडणुकीत मजूर पक्षाने केन लिव्हिंगस्टन यांना डावलून फ्रँक डॉब्सन यांना उभे केले. लिव्हिंगस्टन अपक्ष लढले आणि जिंकले. पक्षाचे अधिकृत उमेदवार तिसरे आले. पक्षश्रेष्ठींचा निर्णय नागरिकांनी मतपेटीतून फिरवला. आपल्याकडच्या पक्षांना, सर्वच पक्षांना, या पद्धतीचे भय का वाटते त्याचे उत्तर एवढ्या एका निकालात आहे.

मराठी साहित्याच्या वर्गात 'घाशीराम कोतवाल' दरवर्षी शिकवले जाते. वरून दिलेले शहराचे पद वरूनच काढून घेतले जाते, आणि संतापलेल्या गर्दीपुढे उभे राहायला मात्र तोच एक माणूस पुढे केला जातो, हे आपण विद्यार्थ्यांना समजावून सांगतो. नानाची सत्ता अबाधित कशी राहते यावर दहा गुणांचा प्रश्न काढतो. मग वर्गाबाहेर पडून साहित्यसोहळ्याच्या व्यासपीठावर सव्वा वर्षाच्या महापौरांना शाल-श्रीफळ देतो आणि शहरातील ग्रंथालयांसाठी त्यांच्याकडे अनुदान मागतो, जे देणे त्यांच्या एकट्याच्या हाती नाही हे आपल्याला ठाऊक असते. 'गटारे आणि रस्ते हा आमचा प्रांत नव्हे' असे म्हणणाऱ्या प्राध्यापकांना या व्यासपीठाचा प्रांत मात्र वर्ज्य नसतो.

२०२८ च्या मध्यावर महाराष्ट्रातील महापौर पुन्हा बदलले जातील. मतदाराला त्या दिवशी मतदान केंद्राकडे फिरकायचीही गरज पडणार नाही. लंडनचे मतदार त्याच वर्षीच्या मे महिन्यात आपला महापौर स्वतः निवडतील. विधिमंडळाला कायदा बदलायला तोवर अवधी पुरेसा आहे. तो बदलत नसेल, तर निदान प्रत्येक पक्षाने आपल्या महापौराचे नाव सभागृहातील निवडीच्या तीन महिने आधी जाहीर करावे आणि त्या व्यक्तीने शहरात जाहीर सभा घेऊन प्रश्नांना उत्तरे द्यावीत. त्याला कायदा लागत नाही. त्या सभेसाठी महाविद्यालयांची सभागृहे उघडी करून देणे तर आपल्याच हाती आहे.