दोन नावांची नटी

नटीने नाव बदलले तर आपण कोणी हरकत घेत नाही. मुमताज जहानची मधुबाला झाली, आपण टाळ्या वाजवल्या. योशिको यामागुची या जपानी मुलीला मात्र दुसऱ्या नावाने मृत्यूच्या दारात नेऊन उभे केले.

तिचा जन्म १९२०चा, मांचुरियातला. वडील तिथल्या जपानी रेल्वे कंपनीच्या नोकरांना चिनी शिकवीत. लेकीची चिनी थेट चिन्यांसारखी. वडिलांच्या एका चिनी स्नेह्याने तिला मानसकन्या मानून ली शिआंग-लान हे नाव दिले.

१९३८ साली मांचुरियातल्या चित्रसंस्थेने नेमके हेच नाव उचलले. संस्था जपान्यांच्या मुठीतली. तिला हवी होती जपानवर जीव टाकणारी चिनी नायिका. तेव्हा जपानी पोरच चिनी म्हणून पडद्यावर आणली, आणि प्रेक्षकांना पत्ता लागू दिला नाही. १९४०च्या ‘चीनच्या रात्री’ या बोलपटात जपानी खलाशी तिच्या थोबाडीत मारतो आणि त्या चपराकीसरशी बाईसाहेबांचे मन त्याच्यावर जडते! जपानात चित्र तुफान चालले. चिनी माणसाला ती चपराक आपल्याच गालावर बसल्यासारखी वाटली.

१९४५ साली जपान हरला आणि शांघायमध्ये तिला फितुरीच्या आरोपाखाली पकडले. शिक्षा देहान्ताची. ‘मी जपानी आहे,’ हे कोणाला पटेना. आम्ही भाषेचे मास्तर शुद्ध उच्चारांसाठी मुलांच्या कानीकपाळी ओरडतो. इथे शुद्ध उच्चारच फिर्यादीचा साक्षीदार झाला! अखेर ल्यूबा नावाच्या रशियन बालमैत्रिणीच्या हस्ते, एका जपानी बाहुलीत दडवून, घराण्याच्या नोंदीचा दाखला आला. परक्या देशाची प्रजा फितूर कशी ठरणार? १९४६ साली ती सुटली.

कायद्याने सुटली, एवढेच. त्या चपराकीचा हिशेब दाखल्याने कसा फिटावा? पुढे आत्मचरित्रात तिने त्या चित्रांबद्दल खेद व्यक्त केला, हे मला त्या सुटकेपेक्षा मोठे वाटते.

जपानात ती खऱ्या नावाने पुन्हा उभी राहिली. १९५०मध्ये कुरोसावाच्या ‘स्कँडल’मध्ये मिफुनेसमोर नायिका झाली, हॉलिवूडलाही जाऊन आली. १९७४पासून अठरा वर्षे संसदेच्या वरिष्ठ सभागृहात होती. २०१४ साली वारली.

शांघाय सोडतानाची एक आठवण तिने सांगितली आहे. बोट धक्क्यावरून हलली, ती कठड्याशी उभी होती, आणि रेडिओवर गाणे लागले. रात्री दरवळणाऱ्या फुलाचे ते चिनी गाणे होते, ली शिआंग-लानने गायिलेले.