टॅनर : तिथे पाळण्यातले नाव, इथे शिवी

अमेरिकेत लोक मुलाचे नाव ‘टॅनर’ ठेवतात. हौसेने ठेवतात. तिथल्या सोशल सिक्युरिटी खात्याकडे १८८० पासूनच्या बाळांच्या नावांची नोंद आहे. त्या नोंदीत १९९० च्या दशकाच्या अखेरीस टॅनर हे नाव मुलांच्या पहिल्या शंभर नावांत होते. या नावाचा अर्थ काय? कातडी कमावणारा. मेलेल्या जनावराचे कातडे चुन्यात भिजवून, त्यावरचे केस खरवडून, झाडाच्या सालीच्या पाण्यात मुरवून त्याचे चामडे करणारा माणूस. महाराष्ट्रात हे काम ज्याच्या माथी मारले त्याला ढोर म्हटले. उत्तरेत त्याला चमार म्हटले.

आता आम्ही एक साधा प्रश्न विचारतो. आपल्याकडचे एखादे उच्चवर्णीय जोडपे बारशाच्या दिवशी लेकराच्या कानात यापैकी एखादे नाव सांगेल काय? प्रश्न ऐकूनच हसू येते, आणि त्या हसण्यातच या देशाचा सगळा समाजशास्त्रीय इतिहास दडलेला आहे. काम एकच, घाम एकच, दुर्गंधीही एकच. एका देशात त्या कामाचे नाव पाळण्यावर चढले, दुसऱ्या देशात त्याच कामाचे नाव शिवी झाले. असे का झाले, याचे उत्तर आमच्या तरुणांनी शब्दकोशात शोधू नये. ते समाजरचनेत शोधावे.

आधी शब्द पाहू. ‘टॅन’ या शब्दाचे मूळ ओक झाडाच्या कुटलेल्या सालीसाठीच्या जुन्या लॅटिन शब्दात आहे. युरोपात ओकच्या सालीने कातडे कमावत. आपल्याकडे बाभळीच्या सालीने आणि हिरड्याने कमावत आले. म्हणजे तंत्र जवळजवळ तेच. पण तिकडे ‘टॅनर’ हा शब्द कामाला चिकटला आणि इकडे ‘ढोर’ हा शब्द माणसाला. गुराला जो शब्द, तोच गुराचे कातडे कमावणाऱ्या माणसाला! मराठी भाषेने माणूस आणि जनावर यांच्यात एका अक्षराचाही फरक ठेवला नाही. हा अपघात नव्हे. भाषा ज्यांच्या हातात होती त्यांचा हा निवाडा आहे.

टॅनर हे एकटे नाव नाही. कामावरून पडलेली इंग्रजी आडनावे मुलांची नावे म्हणून वापरण्याची तिकडे मोठी लाटच आहे. मेसन म्हणजे गवंडी. २०११ मध्ये अमेरिकेतल्या मुलांच्या नावांत मेसन दुसऱ्या क्रमांकावर होते. टायलर म्हणजे कौले बसवणारा, कूपर म्हणजे लाकडी पिंपे बनवणारा, कार्टर म्हणजे गाडीवान, सॉयर म्हणजे लाकूड कापणारा. आईचे माहेरचे आडनाव मुलाला नाव म्हणून देण्याची जुनी रीत तिथल्या खानदानी घरांत होती. पुढे ती सर्वसामान्यांत उतरली आणि मग नात्याचा संबंध सुटून नुसता नाद उरला. नाव छोटे, उच्चाराला ठसठशीत, त्याला कष्टाचा आणि जुन्या काळाचा वास. आईबापांना वाटते, पोरगा कणखर निघेल. ज्या श्रमाच्या नुसत्या उल्लेखाने इथे शेजारी बसलेला माणूस सरकून बसतो, त्या श्रमाचे तिथल्या मध्यमवर्गाला आकर्षण वाटते.

यावर कोणी म्हणेल, गोऱ्यांच्या देशात कातडे कमावणाऱ्याला कधी कमी लेखलेच नसेल. हे खोटे आहे. मध्ययुगीन युरोपात कातडी कमावणाऱ्यांची जागा शहराच्या कडेला, नदीच्या उताराच्या बाजूला असे. लोक नाक धरत. इंग्लंड जिंकणारा राजा विल्यम याची आई हर्लेवा ही फालेझ गावच्या कातडी कमावणाऱ्याची मुलगी, अशी परंपरा आहे. त्याने आलाँसों या गावाला वेढा घातला तेव्हा आतल्या लोकांनी त्याला खिजवायला तटावर कातडी टांगली, अशी कथा जुन्या बखरकारांनी लिहून ठेवली आहे. म्हणजे तुच्छता होतीच. पण त्या तुच्छतेला धर्मग्रंथाचा शिक्का नव्हता. कातडेवाल्याचा तो नातू १०६६ मध्ये इंग्लंडच्या गादीवर बसला.

त्यानंतर सुमारे शंभर वर्षांनी आपल्या शेजारच्या कल्याणात काय घडले ते आठवा. बसवण्णांच्या चळवळीत ढोर कक्कय्या होते, जोडे शिवणारे हरळय्या होते. हरळय्यांच्या मुलाचा विवाह मधुवरसांच्या, म्हणजे जन्माने ब्राह्मण असलेल्या शरणाच्या मुलीशी झाला. परंपरा सांगते की त्या गुन्ह्यासाठी दोन्ही बापांना हालहाल करून मारण्यात आले. तिकडेही समता नव्हती, राजेशाहीच होती. पण तिकडची तुच्छता एका पिढीत ओलांडता येत होती. इकडे ओलांडू पाहणाऱ्याचा जीव गेला.

फरक नेमका इथे आहे. इंग्लंडमध्ये आडनावे वंशपरंपरेने चालू लागली, पण धंदे त्यांच्यासोबत बांधले गेले नाहीत. टॅनरचा मुलगा शिंपी झाला, नातू खलाशी झाला, पणतू वकील झाला. आडनाव थिजले, माणूस वाहता राहिला. मार्गारेट थॅचर यांच्या सासरच्या आडनावाचा अर्थ छपरे शाकारणारा. त्या ब्रिटनच्या पंतप्रधान झाल्या तेव्हा कोणी त्यांना गवताचा भारा उचलायला सांगितले नाही. मोटार शर्यतीतला जगज्जेता मायकेल शूमाकर याच्या जर्मन आडनावाचा अर्थ सरळ सरळ जोडे बनवणारा. त्याच्या चाहत्यांपैकी कोणाला त्याचा विटाळ झाला?

याहून बोलके उदाहरण अमेरिकेचे आहे. गुलामीच्या बाजूने लढणाऱ्या दक्षिणेच्या फौजांना १८६५ मध्ये शरण आणणारा सेनापती युलिसिस ग्रँट याच्या बापाचा कातडी कमावण्याचा कारखाना होता. ग्रँटला त्या कामाचा मनापासून तिटकारा. त्याने नको म्हटले, आणि बापाने त्याला लष्करी विद्यालयात पाठवले. पुढे तो राष्ट्राध्यक्ष झाला. १८७२ च्या निवडणुकीत त्याच्या पक्षाच्या एका प्रचारचित्रावर ग्रँटला गलीना गावचा टॅनर आणि उपाध्यक्षपदाचे उमेदवार हेन्री विल्सन यांना नेटिक गावचा जोडे शिवणारा म्हणून मिरवले होते. चित्राचे नावच कामगारांचा झेंडा अशा अर्थाचे होते. कातडेवाला आणि जोडेवाला, ही जोडी मते मिळवण्यासाठी पुढे केली गेली आणि निवडूनही आली. १८७३ मध्ये हेच ग्रँट राष्ट्राध्यक्ष असताना इकडे पुण्यात तात्यासाहेब जोतीराव फुले यांनी ‘गुलामगिरी’ लिहिली आणि ती गुलामी नष्ट करणाऱ्या अमेरिकेतील लोकांना अर्पण केली. त्याच वर्षी सत्यशोधक समाज स्थापन झाला. जोतीरावांची नजर कुठे पोहोचली होती, हे यातून कळावे.

ग्रँटच्या गोष्टीतला महत्त्वाचा शब्द ‘नको’ हा आहे. ज्याला नको म्हणता येते, त्याच्याच बाबतीत धंद्याचे नाव अभिमानाचे होते. आमच्या पूर्वजांना नको म्हणण्याची मुभाच नव्हती. बाबासाहेबांनी १९३६ मध्ये ‘जातिप्रथेचे विध्वंसन’ या ग्रंथात हेच बजावले की जात ही केवळ श्रमाची विभागणी नाही, ती श्रमिकांचीच विभागणी आहे. त्याआधी १९२७ मध्ये महाडच्या परिषदेत त्यांनी मेलेली गुरे ओढणे आणि मृतमांस खाणे सोडून देण्याचे आवाहन केले. ते श्रमाच्या विरोधातले आवाहन नव्हते. ते सक्तीच्या विरोधातले होते. गावाने लादलेल्या कामाला नको म्हणायला त्यांनी आम्हाला शिकवले. आणि गावांनी त्या ‘नको’ची किंमत बहिष्काराने वसूल केली.

त्याच महाडात २५ डिसेंबर १९२७ रोजी मनुस्मृती जाळली गेली. त्या ग्रंथाच्या दुसऱ्या अध्यायात नावे कशी ठेवावीत याचाही नियम आहे. ब्राह्मणाचे नाव मंगल असावे, क्षत्रियाचे बलवाचक, वैश्याचे धनवाचक आणि शूद्राचे तिरस्कारवाचक. म्हणजे पाळण्यातले नाव हा इथे कधी घरगुती मामला नव्हताच. तो कायदा होता. नाव चांगले ठेवले तरी ते गावात मोडले जाई. रामाचा राम्या होई, गोविंदाचा गोंद्या होई. म्हणून १९५६ च्या धम्मदीक्षेनंतर आमच्या वस्त्यांत सिद्धार्थ, राहुल, मिलिंद, सुजाता, प्रज्ञा ही नावे घरोघरी आली तेव्हा ती फॅशन नव्हती. ते मनूच्या त्या नियमाचे रोजच्या रोज होणारे दहन होते.

आता वर्तमानाकडे या. ११ जुलै २०१६ रोजी गुजरातमधल्या उना येथे मेलेल्या गाईचे कातडे काढणाऱ्या दलित तरुणांना गाडीला बांधून मारले गेले. ज्या कामाचे नाव अमेरिकेत बाळाला देतात, ते काम करताना इथे भर रस्त्यात चाबूक बसतो. ते काम करायचे तरी मार, नाकारायचे तरी मार. मग गुजरातच्या दलितांनी मेलेली जनावरे सरकारी कचेऱ्यांसमोर आणून टाकली आणि आता तुम्हीच उचला म्हणून सांगितले. ग्रँटचा तो ‘नको’ दीडशेहून अधिक वर्षांनी सुरेंद्रनगरात पुन्हा ऐकू आला. २००८ मध्ये स्वर्णसिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाला स्पष्ट करावे लागले की अपमान करण्याच्या हेतूने अनुसूचित जातीच्या माणसाला चारचौघांत ‘चमार’ म्हणणे हा अत्याचार प्रतिबंधक कायद्याखाली गुन्हा आहे. विचार करा. धंद्याचे नाव उच्चारणे हा गुन्हा ठरवावा लागतो, असा समाज आपण किती बिघडवून ठेवला असेल!

इथे काही शहाणे हटकून एक मुद्दा काढतात. म्हणतात, आपल्याकडेही धंद्याची आणि हुद्द्याची आडनावे अभिमानाने लावतातच की. पाटील, देशमुख, कुलकर्णी, जोशी. बरोबर. ही सत्तेची, वतनाची आणि पोथीची आडनावे आहेत. ज्या हुद्द्यासोबत जमीन आणि मान आला ते आडनाव मिरवले गेले, ज्या कामासोबत घाण आली ते लपवावे लागले. याला श्रमाचा सन्मान म्हणत नाहीत. खरा दाखला हवा असेल तर मुंबईतल्या पारशांचा घ्या. फारुख इंजिनीअर, नरी कॉन्ट्रॅक्टर हे भारताकडून क्रिकेट खेळले. पारशांत दारूवाला आहे, बाटलीवाला आहे. त्या नावांना कोणी नाक मुरडत नाही, कारण त्या धंद्याला जन्माचा खिळा ठोकलेला नव्हता. म्हणजे या मातीतसुद्धा धंद्याचे नाव निरोगी राहू शकते. फक्त त्यात जात मिसळलेली नसली पाहिजे.

मग आम्ही काय करायचे? हल्ली आपल्याही घरांत इंग्रजी वळणाची नावे ऐकू येतात. त्यावर चळवळीतली काही मंडळी चिडतात, संस्कृती बुडाली म्हणतात. आम्हाला त्यात गैर काही दिसत नाही. ज्या नावावरून जात ओळखता येत नाही ते नाव आईबापांना हवेसे वाटले, तर दोष त्या आईबापांचा नाही, जात हुंगणाऱ्या नाकांचा आहे. आडनाव बदलणेही पळपुटेपणा नव्हे. सकपाळांच्या घरातला भीमराव आंबडवे या गावाच्या नावावरून आंबेडकर झाला आणि त्या आडनावाचे पुढे काय झाले, ते जग जाणते.

पण एवढ्यावर लढाई संपली असे समजू नका. सुखदेव थोरात आणि पॉल अॅटवेल यांनी २००७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासासाठी खासगी कंपन्यांकडे सारख्याच पात्रतेचे नोकरीचे अर्ज वेगवेगळ्या आडनावांनी पाठवून पाहिले. दलित आडनावाच्या अर्जदाराला बोलावणे येण्याची शक्यता उच्चवर्णीय आडनावापेक्षा सुमारे एक तृतीयांशाने कमी निघाली. अमेरिकाही धुतल्या तांदळासारखी नाही. २००४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या तशाच एका अभ्यासात गोऱ्या वळणाच्या नावांना काळ्या वळणाच्या नावांपेक्षा जवळपास ५० टक्के जास्त बोलावणी आली होती. टॅनरवर प्रेम करणारा तो देश लकीशा आणि जमाल या नावांना दारातच अडवतो. त्यामुळे तिकडची प्रत्येक गोष्ट डोक्यावर घेण्याचे कारण नाही. धडा तेवढा घ्यावा.

महाराष्ट्र शासनाने डिसेंबर २०२० मध्ये वस्त्यांची जातिवाचक नावे बदलण्याचा निर्णय घेतला. महारवाडा, मांगवाडा जाऊन समतानगर, भीमनगर यावे असे ठरले. निर्णय स्वागतार्ह आहे. पण पाटी बदलली म्हणून पाण्याची लाइन आली का? स्मशानाचा रस्ता मोकळा झाला का? हाताने मैला साफ करायला लावण्यावर २०१३ च्या कायद्याने बंदी आहे. मग गटारात उतरून मरणाऱ्यांच्या यादीत जोशी, कुलकर्णी का सापडत नाहीत? ज्या दिवशी तिथे कोणत्याही जातीचा माणूस यंत्र घेऊन, पुऱ्या पगारावर आणि स्वतःच्या मर्जीने काम करील, त्या दिवशी त्या कामाचे नावही स्वच्छ होईल. त्याआधी श्रमप्रतिष्ठेची प्रवचने आम्हाला कोणी देऊ नयेत.

कातडे कमावणे ही विद्या आहे. रसायनाचे ज्ञान आहे. कोणती साल, किती दिवस, किती पाणी, हे आमच्या पूर्वजांना ठाऊक होते. त्या ज्ञानाची आम्हाला लाज नाही. ते ज्ञान ज्यांनी आमच्या गळ्यात साखळी म्हणून अडकवले, लाज त्यांनी बाळगावी. म्हणून तरुण मित्रांनो, नाव लेकराला हवे ते ठेवा. सिद्धार्थ ठेवा, नाहीतर टॅनर ठेवा. मात्र ते लेकरू मोठे होऊन कोणत्याही कामाला ‘नको’ म्हणू शकेल आणि कोणतेही काम ‘हवे’ म्हणून मागू शकेल, यासाठी त्याच्या हाती शिक्षण द्या आणि त्याच्या पाठीशी संघटना उभी करा. नावाचा अर्थ शब्दकोश ठरवत नाही. ते नाव धारण करणाऱ्याला किती मोकळीक आहे, त्यावरून तो ठरतो.

जय भीम!