अडाणी कोण?

‘युजर अडाणी आहे, ट्रेनिंग द्यावं लागेल.’ सॉफ्टवेअरच्या धंद्यात हे वाक्य मी इतक्या मीटिंगांमध्ये ऐकलंय, एकदोनदा स्वतःही म्हटलंय, की आता त्याचा राग येतो.

पनवेल स्टेशनवरची एटीव्हीएम घ्या. खिडकीची रांग टाळून प्रवाशाने आपलं तिकीट आपणच काढावं, म्हणून मुंबईच्या उपनगरी रेल्वेत ही यंत्रं आली. मग त्यांच्यासाठी ‘फॅसिलिटेटर’ नेमावे लागले. त्यांत बरेच निवृत्त रेल्वे कर्मचारी. आपण फक्त ‘एक वाशी रिटर्न’ म्हणायचं. बटणं ते दाबणार, रेल्वे त्यांना कमिशन देणार. पुन्हा रांग, पुन्हा माणूस. मधली काच तेवढी गेली.

यात प्रवासी अडाणी कुठे ठरला? त्याने तीन शब्दांत सगळी माहिती दिली. ती तशी घेणं यंत्राला जमत नाही, म्हणून मध्ये दुभाषा लागतो.

‘पण लोकांना शिकायचंच नसतं!’ असं? मग भाजीवाल्या मावशींकडे जा. त्यांच्या पाटीशेजारचा क्यूआरचा डबा किती पैसे आले ते मोठ्याने सांगतो. हात भाजीत, नजर गिऱ्हाइकावर. हे ओळखून कुणीतरी मोबाइलमध्ये डोकावण्याची गरजच काढून टाकली. मावशींना ट्रेनिंग लागलं नाही.

मराठी टायपिंगचंही तेच. इंग्रजीसाठी घडलेल्या कळफलकावर आपली अक्षरं बसवली गेली आणि कुठली कळ कुठे, हे पाठ करणं आपल्यावर आलं. आयआयटी मुंबईच्या आयडीसीत प्रा. अनिरुद्ध जोशी आणि सहकाऱ्यांनी ‘स्वरचक्र’ केलं, ते आपल्याला आधीच येणाऱ्या गोष्टीवर: बाराखडीवर. ‘क’वर बोट ठेवलं की भोवती का, कि, की, कुचं चक्र उघडतं. पहिलीत घोकलेलं इथे कामी येतं.

डोनाल्ड नॉर्मन यांनी १९८८च्या पुस्तकात दारांचं उदाहरण देऊन हेच सांगितलं होतं: ढकलायचं की ओढायचं हे कळत नसेल, तर चूक दाराची. आम्ही इंजिनिअर मात्र अजून दारावर सूचना चिकटवतोय.

माझी मागणी साधी आहे. कुठलंही अ‍ॅप बाहेर काढण्याआधी ते लिहिणाऱ्याने एक सकाळ वापरणाऱ्याच्या शेजारी उभं राहावं. हात खिशात, तोंड बंद. जिथे ‘अहो, इथे दाबा’ म्हणावंसं वाटेल, तिथे कोड बदलायचा. माणूस नाही.