नळामागचे पाणी

महाडच्या चवदार तळ्याचा 20 मार्च 1927 हा दिवस आमच्या विद्यार्थ्यांना तोंडपाठ असतो, आणि तो असावाच. परंतु ज्या नळाखाली ते रोज ओंजळ धरतात, त्यात पाणी येते कशामुळे आणि वापरून झाल्यावर जाते कोठे, हे विचारले की बहुतेक जण गप्प होतात. निवासी शाळेला हे अज्ञान परवडणारे नाही.

नळाची धार ठरते ती टाकीच्या उंचीवरून. टाकी किती मोठी आहे, याच्याशी तिचा संबंध नाही. 10 मीटर उंचीचे पाणी दर चौरस सेंटिमीटरवर सुमारे 1 किलोचा दाब देते. टाकी नळापेक्षा तीनच मीटर उंच असेल, तर दाब त्याच्या तिसऱ्या हिश्श्याहूनही कमी. म्हणून तळमजल्यावर धार जोरात आणि वरच्या मजल्यावर करंगळीएवढी. याच उंच-सखलतेचा उपयोग करून सतराव्या शतकाच्या आरंभी मलिक अंबराने खडकीत, म्हणजे पुढच्या औरंगाबादेत, नहरीने पाणी आणले. गुलाम म्हणून विकला गेलेला एक हबशी निजामशाहीचा वजीर होतो आणि शहराला पाणी पाजतो. हा इतिहास वर्गात दोन ओळींत आटोपला जातो, याची खंत वाटते.

जाणाऱ्या पाण्याबद्दलचे अज्ञान मात्र मला अधिक गंभीर वाटते. मोरीच्या जाळीखालच्या वाकड्या भागात थोडे पाणी कायम साचून असते. तेच गटारातील वायू अडवते. मे महिन्याच्या सुटीत वसतिगृह बंद असताना बुलढाण्याच्या उन्हाने ते आटते, आणि जूनमध्ये दुर्गंधी सुटते. तेव्हा फिनेलचे डबे आणले जातात. वास्तविक तांब्याभर साधे पाणी पुरते. एवढीशी गोष्ट शिकलेल्यांना ठाऊक नसते, कारण सांडपाण्याचे काम आणि ज्ञान दोन्ही जातीने ठरवलेल्या माणसांवर ढकलले गेले. ज्यांनी स्वच्छ पाण्याला शिवायचे नाही, त्यांनीच घाण उपसायची! संरक्षक साधनांशिवाय माणसाला मैलाटाकीत उतरवण्यास 2013 च्या कायद्याने बंदी आहे, तरी माणसे गुदमरून मरतच आहेत. आणि आपल्यातलेही पदवीधर, मोरी तुंबली की आधी नाकाला रुमाल लावतात आणि मग कोणाला तरी हाक मारतात.

धामणगाव बढे परिसरातील शाळांना माझी सूचना अशी की, आठवीच्या मुलामुलींनी आपल्या इमारतीचा जलनकाशा स्वतः काढावा: पंप, टाकी, वॉल्व्ह, नळ, मोरी, चेंबर, शोषखड्डा. गळत्या तोटीचा वॉशर दोघांनीही बदलावा. यासाठी अनुदान लागत नाही; एक पाना आणि शनिवारची एक तासिका पुरे.