त्रिशंकूचे वकीलपत्र

निवडणुकीचा निकाल लागला आणि कुणालाच बहुमत मिळालं नाही, की दुसऱ्या दिवशीच्या पेपरात माझ्या अशिलाची बदनामी ठरलेली. 'त्रिशंकू लोकसभा!' ठळक टायपात. १९९६ साली तेरा दिवसांचं सरकार आलं आणि गेलं, तेव्हाही हाच शब्द. मी तानसा तलावाजवळच्या एका वाडीवर राहणारा निवृत्त मास्तर. पेपर आमच्याकडे दुपारचं जेवण झाल्यावर पोहोचतो. बातमी शिळी होते, पण संताप मात्र ताजाच राहतो.

त्रिशंकूनं तुमचं काय घोडं मारलंय?

मूळ प्रकरण वाल्मीकिरामायणातल्या बालकांडात आहे, संपादकमहाशयांनी एकदा डोळ्यांखालून घालावं. इक्ष्वाकु कुळातला हा राजा. त्याला सदेह स्वर्गात जायचं होतं. वसिष्ठांनी 'जमणार नाही' म्हणून सांगितलं. तो त्यांच्या मुलांकडे गेला, तर त्यांनी शाप देऊन चांडाळ करून टाकलं. शेवटी विश्वामित्रांनी यज्ञ करून त्याला वर पाठवला, आणि इंद्रानं दारातूनच खाली ढकलला. डोकं खाली, पाय वर असा तो येऊ लागला, तेव्हा विश्वामित्र गरजले, 'थांब!' तो थांबला. मग रागाच्या भरात त्यांनी दक्षिणेकडे नवे सप्तर्षी केले, नवी नक्षत्रं केली, आता नवा इंद्रच करतो म्हणाले. देवांची पाचावर धारण बसली. तडजोड झाली. नवे तारे राहतील, पण जुन्या नक्षत्रांच्या मार्गाबाहेर. त्रिशंकूही तिथेच चमकत राहील, डोकं खाली करून.

आता ह्यात अनिश्चितपणा कुठे आला, सांगा. काय हवं ते ह्या माणसाला पक्कं ठाऊक होतं. त्याला दारातून हाकलला. तुमच्या त्या लोकसभेतल्या मंडळींना तर चारी दारं उघडी असतात. एक पाय इकडे, एक तिकडे, आणि दोन्ही हात ताटात. त्यांना दुसरं काहीही म्हणा. मराठी भाषा शिव्यांच्या बाबतीत अजून भिकेला लागलेली नाही.

आमची आजी म्हणायची, विश्वामित्रांनी त्या झटक्यात म्हैस आणि नारळही निर्माण केले. रामायणात हे मला सापडलं नाही. पण आजीचं खरं धरलं तर मुंबईचा निम्माअधिक चहा ह्या प्रतिसृष्टीवरच चालतो, आणि कृतज्ञता म्हणून मथळा काय देतात तर 'त्रिशंकू'!

माझी दुसरी तक्रार पंचांगवाल्यांकडे आहे. राहू आणि केतू म्हणजे काय? चंद्राची वाट सूर्याच्या वाटेला आकाशात जिथे छेदते, ते दोन बिंदू. तिथे दगड नाही, माती नाही, काडीइतकाही उजेड नाही. तरी नवग्रहांत दोघांना बैठक. माझ्या पुतणीचं लग्न ह्या राहूपायी वर्षभर अडलं होतं. म्हणजे जो नाहीच, त्यानं मुलगी अडवली! उलट त्रिशंकू म्हणून आपण जे दाखवतो ते चार खणखणीत तारे. इंग्रज त्याला क्रॉस म्हणतात. त्यातल्या सर्वांत तेजस्वी ताऱ्याचा उजेड तीनशेहून अधिक वर्षं चालत येतो. ह्या चौघांनी आजवर कुणाची साडेसाती लावली नाही, की कुणाची वरात परतवली नाही. म्हणूनच त्यांना कुणी विचारत नाही. फरक एवढाच, की राहू-केतू हमरस्त्यावर बसलेत आणि हा आडरानात.

आडरानातल्यांची दखल कोण घेतो, हे आम्हा शहापूर तालुकेवाल्यांना कुणी शिकवायला नको. तानसाचं धरण १८९२ पासून मुंबईला पाणी पाजतंय. आमच्या अंगणावरून मोठाले नळ जातात. रात्री कान लावला तर आत पाणी वाहताना ऐकू येतं. आणि मे महिन्यात आमच्या वाड्या टँकरची वाट बघतात.

पण ह्या वाट बघण्याचा एक फायदा आहे. मे महिन्याच्या मध्याला रात्री साडेनऊच्या सुमारास त्रिशंकू बरोबर दक्षिणेला उभा असतो, आमच्याकडून माहुलीच्या डोंगरावर. हात ताठ लांब करून क्षितिजावर चार बोटं आडवी धरा. त्यांच्या वरच्या कडेला जो तारा टेकलेला दिसेल, तो त्याचा खालचा तारा, म्हणजे माझ्या हिशेबी राजाचं डोकं. डावीकडे नरतुरंगाचे दोन ठळक तारे लागले, म्हणजे पत्ता चुकला नाही. अयोध्येला हाच तारा अगदी क्षितिजाला घासून जातो, झाडाआडच राहायचा. पृथ्वीचा आस डुलतो म्हणून. हजारो वर्षांपूर्वी तो तिथे चांगला वर यायचा. थोडक्यात, राजा त्यांचा, पण आज नीट दर्शन देतो आम्हाला.

देतो म्हणजे, आतापर्यंत देत होता. दक्षिणेकडे कल्याण-भिवंडीचा उजेड वर्षागणिक वर चढतोय. गोदामं झाली, हमरस्ते झाले, २०२५ साली समृद्धी महामार्गही आमण्यापर्यंत पोहोचला. खालचा तारा हल्ली त्या पिवळ्या धुरळ्यात चाचपडावा लागतो. पाणी इथून तिकडे गेलं, त्याच्या बदल्यात तिकडून हा उजेड आला. इंद्रानं निदान तडजोड तरी केली होती.

गेल्या मे महिन्यात विहिरीच्या कठड्यावर बसून मी हे सगळं शेजारच्या ठाकूरआजांना समजावत होतो. रांगेत हंडे होते, माणसं पेंगत होती. आजांनी बराच वेळ त्या चार ताऱ्यांकडे पाहिलं.

"मास्तर, राजा वर आडकला तो आडकला. पन तितं त्याला पानी हाय का?"

बालकांडात त्याबद्दल काही नाही, असं मी म्हणणार, एवढ्यात फाट्यावर टँकरचे दिवे वळले. सगळीकडे आरडाओरडा झाला, डोळे दिपले, त्रिशंकू दिसेनासा झाला. रांगेत आमचाही हंडा होता. वकीलपत्र तिथेच कठड्यावर टाकून मी पळत सुटलो.