वॉरंट निघालं, आणि मोहल्ल्याने सांगितलं : पळ!

रमजानचे दिवस. इफ्तारला अर्धा तास होता आणि दारात पोलीस उभा. हातात माझ्या नावाचं पकड वॉरंट. मी बाहेर होतो. अम्मीने फोन केला, मी धावत घरी आलो, तोवर शेजारच्या चाचांनी निकाल देऊन टाकला होता. "बेटा, मामाच्या गावी जा. ईद झाली की बघू."

गुन्हा काय? कॉलेजात असताना एका मोर्चात जमावबंदीचा आदेश मोडला होता. नंतर आम्ही घर बदललं, समन्स जुन्या पत्त्यावर जात राहिलं, तारखा बुडाल्या.

मला चीड आहे ती या "गावी जा"ची. मित्रांनो, वॉरंट ईदनंतर शिळं होत नाही. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम ७२ सांगतं की वॉरंट बजावलं जाईपर्यंत किंवा ज्या कोर्टाने काढलं तेच रद्द करेपर्यंत ते जिवंत राहतं. लपून राहिलात तर कलम ८४ खाली फरारी असल्याची जाहीर उद्घोषणा, मग मालमत्तेची जप्ती. त्या उद्घोषणेनंतरही हजर झाला नाहीत तर तो स्वतंत्र गुन्हा, आणि तो अजामीनपात्र. फरारी ठरलेल्याला अटकपूर्व जामीन सहसा मिळत नाही, हे सुप्रीम कोर्टाने २०१२ च्या लवेश प्रकरणात सांगितलं आहे. म्हणजे मूळ गुन्हा किरकोळ, आणि चाचांच्या सल्ल्याने त्याचा डोंगर!

"अजामीनपात्र वॉरंट" या शब्दाने अर्धी हिंमत जाते. पण वॉरंट अजामीनपात्र असलं म्हणून गुन्हा अजामीनपात्र होत नाही. माझा जामीनपात्रच होता. २००७ च्या इंदर मोहन गोस्वामी निकालात सुप्रीम कोर्टाने म्हटलं आहे की आधी समन्स, मग जामीनपात्र वॉरंट, आणि आरोपी मुद्दाम टाळतोय असं दिसलं तरच अजामीनपात्र. माझ्या बाबतीत मधली पायरी गाळली होती. हे कोर्टात जाऊन सांगावं लागतं, मामाच्या ओट्यावर बसून नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळीच वकिलांसोबत गेलो. वॉरंट रद्द करण्याचा अर्ज, नव्या घराचा भाडेकरार, वीजबिल. साहेबांनी दोन मिनिटांत वाचलं. वॉरंट रद्द, पंधरा हजारांचा जातमुचलका आणि तेवढ्याच रकमेचा एक जामीनदार.

इथे खरी अडचण सुरू झाली. दर जलशात "आपली मुलं, आपली जबाबदारी" म्हणणाऱ्या तिघांना फोन केले. एक मिटिंगमध्ये. दुसऱ्याचे कागद बँकेत. तिसरे म्हणाले, "माझं नाव पोलिसांच्या नजरेत नको." रोजा, उन्हाळा, कोर्टाचा व्हरांडा आणि घड्याळात साडेचार. शेवटी अब्बूंचे रिक्षावाले दोस्त घरपट्टीची पावती आणि रेशनकार्ड घेऊन आले. त्या दिवसाची कमाई त्यांनी सोडली.

१९७८ मध्ये मोतीराम नावाच्या गवंड्याला दहा हजारांचा जामीनदार मागितला होता. त्याने भावाचं नाव दिलं, तर भावाची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात म्हणून नाकारलं. न्यायमूर्ती कृष्णा अय्यर यांनी तेव्हा सुनावलं होतं की गरिबाचा जामीन असा अडवू नका. कोर्टांना हे आपण ऐकवतो, ऐकवायलाच हवं. पण इथे कोर्टाने अडवलं नव्हतं.

जामीनदाराला होतं काय? आरोपी तारखेला आला नाही तर बंधपत्राची रक्कम भरावी लागू शकते. आरोपीचा गुन्हा त्याच्या माथी येत नाही. विश्वास उडाला तर अर्ज करून मोकळंही होता येतं. (जामीन हा शब्दच अरबी, अर्थ हमी घेणारा. आपल्याला तर तो परका वाटू नये.)

ईदनंतरच्या बैठकीत मी मागणी ठेवली : मोहल्ल्यात जामीनदारांची यादी करा, कागद तयार ठेवा. पहिलं नाव माझं लिहा म्हटलं, तर माझ्या नावावर घरपट्टी नाही, म्हणून खोडलं. आजवर पाच नावं आली आहेत. चार रिक्षावाले, एक भाजीवाल्या खाला. त्या तीन साहेबांच्या नावांसाठी जागा कोरी ठेवली आहे.